स्वप्नांचे सुतार

संपादकांचा फोन आला तेव्हा विषय ठरून गेला होता : स्वप्न. ‘फ्रॉइड सोडून काहीही चालेल,’ ते म्हणाले, ‘फ्रॉइडवर दोघांनी आधीच लिहायला घेतलंय.’ मग फ्रॉइड त्या दोघांवर सोपवला आणि मी गोरेगावला गेले.

डोक्यात एक सिनेमा होता. ख्रिस्तोफर नोलनच्या २०१० सालच्या ‘इन्सेप्शन’मध्ये एक टोळी दुसऱ्यांच्या स्वप्नांत शिरून चोऱ्या करते. टोळीत प्रत्येकाला कामं वाटून दिलेली. त्यातलं सगळ्यात अवघड काम आर्किटेक्चर शिकणाऱ्या एका मुलीकडे : स्वप्न पाहणाऱ्याला संशय येणार नाही असे रस्ते, हॉटेलं, जिने रचायचे, आणि कुणी मागे लागलंच तर तो त्यातच हरवून जाईल अशी व्यवस्था ठेवायची. स्वप्नातल्या इमारतींचे आराखडे काढणारी अशी मंडळी प्रत्यक्षात नसतात, हे सांगायला नको. पण पडद्यावर जे स्वप्न दिसतं ते कुणीतरी, कुठेतरी, खिळे ठोकून उभं केलेलं असतंच. ते करणाऱ्यांची जमात आपल्याकडे शंभरेक वर्षांची आहे. त्यांच्याकडे युनियनची कार्डं आहेत, हजेरीपट आहे, आपसातली भांडणं आहेत. आणि त्यांच्यातली बरीच मंडळी आपल्या गावाकडची आहेत.

एका डोळ्यापुरता वाडा

गोरेगावची दादासाहेब फाळके चित्रनगरी १९७७ साली सुरू झाली. मागे संजय गांधी राष्ट्रीय उद्यान. सेटवर बिबट्या येऊन गेल्याच्या बातम्या अधूनमधून वाचतो, ती जागा हीच. आत शिरलं की रस्त्याच्या एका हाताला हॉस्पिटल, दुसऱ्या हाताला वाडा, पुढे कुणा उद्योगपतीचा बंगला. मागून पाहिलं की तिन्ही सारखेच : प्लायच्या उघड्या पाठी, आडव्या-तिरक्या पट्ट्या, लोंबणाऱ्या वायरी आणि एखादा झोपलेला माणूस.

मी गेले तो एका मालिकेचा सेट होता. नायिकेला लहानपणचा वाडा स्वप्नात दिसतो. ती लांबलचक ओसरीतून चालत निघते, टोकाला आजी पाठमोरी उभी असते, आणि ओसरी काही संपत नाही. लेखकाने हे दोन ओळींत लिहून टाकलेलं. फ्लोअरवर जागा होती चाळीस फुटांची, आणि दिसायला हवे होते दीडशे फूट.

तर सुतारांनी काय केलं होतं ते सांगते. कॅमेऱ्याजवळचा पहिला खांब दहा फुटी. त्याच्या मागचा थोडा बुटका, त्याच्या मागचा आणखी बुटका, आणि दोन खांबांमधलं अंतरही तसंच घटत गेलेलं. टोकाला पोचेपर्यंत छत साडेपाच फुटांवर आलेलं. जमीन मागे जाताना चढत गेलेली, इतकी बेताने की पायाला कळतं पण डोळ्याला कळत नाही. प्लायवर रंगवलेली शहाबादी फरशी पुढे हातभर, मागे वीतभर. शेवटचं दार माझ्या कमरेच्या जरा वर येत होतं. त्या दाराला लागेल एवढी छोटी कडी बाजारात मिळेना, म्हणून मोल्डरने ती एम-सीलची बनवली होती आणि रंगाऱ्याने पितळी रंगावर काळपट हात फिरवून तिला साठ वर्षांची केली होती. कुणाच्याही नजरेत न येणाऱ्या त्या कडीवर दोन माणसांचा अर्धा दिवस गेला होता.

नायिका चौथ्या खांबापुढे गेली तर घात. पाचव्या खांबाशी ती उभी राहिली की राक्षसीण दिसेल. म्हणून जमिनीवर लाल टेप लावलेली. आणि टोकाला उभी असलेली आजी? ती आठ वर्षांची मुलगी होती. नऊवारी, पांढरा टोप, हातात काठी. शॉट लागेपर्यंत ती टोप सरळ करत कुरकुरे खात बसली होती. तिची खरी आई बाजूला उभी राहून, पातळाला तेलकट हात लावू नकोस म्हणून दटावत होती.

सुतारांचे मिस्त्री कणकवलीकडचे. घरी मांगराचं काम निघालंय, दिवाळीत जायचंय, असं बोलता बोलता त्यांनी मला कामाचा नियम सांगितला. ‘ताई, गावच्या घराला ओळंबा लावला, पाणसळ ठेवली की झालं. इथे ओळंबा लावून बघा, एक खांब सरळ मिळायचा नाही. आता किती वाकडा करायचा ते ओळंबा थोडीच सांगणार? ते लेन्स सांगते.’ आणि खरंच, काम चालू असताना ते दर दहा मिनिटांनी कॅमेऱ्याच्या जागी जाऊन एक डोळा मिटून बघून येत होते. त्या एका जागेवरून ओसरी दीडशे फुटांची होती. तिथून दोन पावलं डावीकडे सरकलं की कोसळायला आलेली बरॅक.

दृष्टीची ही फसवणूक कुठवर जाते याचं टोकाचं उदाहरण म्हणजे कधीच न संपणारा जिना. लायनेल आणि रॉजर पेनरोझ या बापलेकांनी १९५८ साली तो एका मानसशास्त्रीय नियतकालिकात मांडला : चारी बाजूंनी वर चढत जाणारा, तरी पुन्हा पहिल्याच पायरीवर येणारा जिना. डच चित्रकार एशरने १९६० मध्ये त्यावर त्याचं प्रसिद्ध चित्र काढलं. कागदावर तो सहज होतो, प्रत्यक्षात अशक्य. ‘इन्सेप्शन’वाल्यांनी मात्र तो बांधला. त्यांचा जिना एका ठिकाणी तुटलेला आहे, वरची पायरी आणि खालची पायरी यांच्यात चांगलं अंतर आहे. पण एका ठरावीक जागेवरून पाहिलं की एकीची कड दुसरीला चिकटलेली दिसते. कॅमेरा सरकला की खड्डा उघडा पडतो, आणि सिनेमात तो मुद्दाम उघडा पाडून दाखवलाही आहे. गोरेगावच्या मिस्त्रींना मी हे सांगितलं तेव्हा त्यांना त्यात फार नवल वाटलं नाही. ‘म्हणजे वरची पायरी लोखंडावर घेतली असणार,’ एवढंच म्हणाले.

पडदे रंगवणारे

ही फसवणूक आपण कॅमेऱ्याकडून शिकलो नाही. ती आली नाटकाच्या पडद्यांवरून. संगीत नाटकांच्या वैभवाच्या काळात कंपनी गावोगाव जायची तेव्हा बैलगाडीत, रेल्वेच्या डब्यात, बांबूंवर गुंडाळलेले पडदे असायचे : महालाचा, रस्त्याचा, बागेचा, अरण्याचा. एकाच सपाट कापडावर शंभर हात खोल दरबार. तो खोल दिसायचा मधल्या खुर्च्यांवरून. कडेला बसलेल्यांना खांब कलंडलेलेच दिसायचे. आणि नटाने पडद्याच्या फार जवळ जायचं नाही, कारण गेला तर राजा महालाच्या दारापेक्षा उंच. लाल टेप तेव्हा नव्हती, नियम हाच होता.

कोल्हापूरचे बाबूराव कृष्णराव मेस्त्री आणि त्यांचे भाऊ आनंदराव हे त्या पडद्यांचे उस्ताद. केशवराव भोसल्यांच्या ‘ललितकलादर्श’साठी, गंधर्व नाटक मंडळीसाठी त्यांनी पडदे रंगवले. लोक त्यांचं मूळ आडनाव विसरले, ‘पेंटर’ म्हणू लागले, आणि इतिहासातही ते बाबूराव पेंटर म्हणूनच राहिले. आनंदराव १९१६ साली गेले. सिनेमाचं वेड दोघांचं होतं, ते बाबूरावांनी पुढे नेलं. कॅमेरा परदेशातून आणायला पैसा नव्हता, तर सहकाऱ्यांच्या मदतीने तो कोल्हापुरातच घडवला. ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’चा ‘सैरंध्री’ १९२० मध्ये आला.

आता गंमत पाहा. पडद्यांचा एवढा मोठा कलावंत, पण सिनेमात आल्यावर त्याने पडदा मागे सारून खांब, कमानी, जिने प्रत्यक्ष उभे करायचा आग्रह धरला. सपाट कापड कॅमेऱ्याला पुरत नाही, त्याला माणसाच्या मागे हवा लागते, सावली पडायला कोपरा लागतो, हे पडदे रंगवणाऱ्यालाच सगळ्यात आधी समजलं. आणि त्याच १९२० साली बर्लिनमध्ये नेमकं उलट चाललं होतं. ‘डॉ. कॅलिगारी’ या सिनेमाच्या निर्मात्यांनी हर्मान वार्म, वाल्टर राइमान आणि वाल्टर र‍्योरिग या तिघांना हाताशी धरलं होतं. तिघांनी कापड ताणून त्यावर गाव रंगवलं : कललेली घरं, चाकूसारख्या टोकदार खिडक्या, दिव्याने पडलेल्या नव्हेत तर ब्रशने काढलेल्या सावल्या. कथा सांगणारा माणूस मनाने ठिकाणावर नाही, म्हणून त्याचं गावही सरळ नाही. तिकडे दुःस्वप्नासाठी कापड पुरेसं होतं. इकडे पुराणातला दरबार खरा वाटावा म्हणून लाकूड हवं होतं. दोघांचंही गणित बरोबर होतं असं मला वाटतं, आणि गेल्या शंभर वर्षांत ही जमात या दोन टोकांमध्येच झोके घेत आली आहे.

बाबूरावांच्या हाताखालची पोरं म्हणजे दामले, फत्तेलाल, शांताराम. १९२९ मध्ये त्यांनी ‘प्रभात’ काढली, १९३३ मध्ये ती पुण्याला आली. कलादिग्दर्शन फत्तेलालांकडे. पुण्याच्या स्टुडिओतला पहिला चित्रपट ‘अमृतमंथन’; त्यातली देवीची भव्य मूर्ती आणि तिच्यापुढची ठेंगणी माणसं आजही अंगावर येतात. १९३६ च्या ‘संत तुकाराम’मध्ये वैकुंठाला नेणारं विमान. १९४० च्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये तर भिंतच चालली. चांगदेव वाघावर बसून येतात आणि ज्ञानेश्वरादी चार भावंडं बसल्या भिंतीसकट त्यांना सामोरी जातात, हे आपण कीर्तनात ऐकून मोठे झालो. ऐकणाऱ्याला भिंतीच्या वजनाची चिंता नसते. ती पडद्यावर चालवायची म्हटल्यावर मात्र कुणीतरी तिची लांबी-रुंदी ठरवली, तिच्यावर बसणाऱ्या माणसांचा हिशोब केला.

ही स्वप्नं नव्हेत, चमत्कार आहेत, हे मान्य. पण सुताराच्या दृष्टीने दोन्ही एकाच जातीची कामं. जे घडूच शकत नाही त्याला खालून टेकू कसा द्यायचा, एवढाच त्याचा प्रश्न.

 

चेंबूरचा स्वर्ग आणि नरक

हिंदी सिनेमातलं पहिलं मोठं, बांधलेलं स्वप्न कोणतं म्हणाल तर ‘आवारा’चं, १९५१, चेंबूरच्या आर. के. स्टुडिओत उभं केलेलं. जेमतेम नऊ मिनिटं. चित्रीकरणाला तीन महिने लागले असं सगळीकडे सांगितलं जातं, आणि एकदा पाहिलं की त्यावर विश्वास बसतो.

ढगांतून वर जाणारा गोल जिना. माथ्यावर नर्गिस, खाली राज कपूर. मग ढग जातात, ज्वाळा येतात, अक्राळविक्राळ पुतळे येतात आणि तो ओरडू लागतो की त्याला हा नरक नको. मग पुन्हा जिना, पुन्हा ढग, देवांच्या अवाढव्य मूर्ती. शेवटी डाकू जग्गा, म्हणजे के. एन. सिंग, माणसाच्या मापाबाहेरचा, आणि सगळं ढासळणं. नृत्यं बसवली होती मादाम सिम्की यांनी, उदय शंकर यांच्या फ्रेंच सहनर्तकीने. कॅमेरा राधू कर्माकर यांचा. आणि हे सगळं उभं करणारे कलादिग्दर्शक एम. आर. आचरेकर, आपले मराठी चित्रकार.

आचरेकरांचं नाव चित्रकलेच्या विद्यार्थ्यांना ‘रूपदर्शिनी’ या पुस्तकामुळे माहीत असतं : समोरच्या देहाचं वास्तव रेखाटन आणि त्याच देहाची भारतीय शिल्पपरंपरेतली वळणं, शेजारी शेजारी. ‘आवारा’चं स्वप्न पाहताना हे पुस्तक आठवावं. त्यातले पुतळे कुठल्याच देवळातले नाहीत, तरी ओळखीचे वाटतात. प्रमाण मोडलं आहे, वळण मोडलेलं नाही. हॉलीवूडमध्ये सहा वर्षं आधी ‘स्पेलबाउंड’साठी साल्वादोर दालीकडून स्वप्न करून घेतलं होतं. पडद्यांवर डोळेच डोळे, आणि कात्रीने ते डोळे कापणारा माणूस. पण दालीच्या स्वप्नाचा बराचसा भाग शेवटी कापला गेला, आणि जे उरलं त्यात मला तरी चित्र दिसतं, जागा दिसत नाही. आचरेकरांच्या स्वप्नात चढता येतं, घसरता येतं, पडता येतं. नायकाला कुठे जायचं आहे आणि कुठे जावं लागणार आहे हे जिन्याच्या दोन टोकांनीच सांगून टाकलं आहे. संवाद जवळजवळ लागतच नाहीत.

हेच आचरेकर १९५९ च्या ‘कागज के फूल’चेही कलादिग्दर्शक. त्यात स्टुडिओ हाच सेट होता : रिकामा, ओसाड, दिव्यांच्या तराफ्यांवरून झिरपणाऱ्या उजेडाचा. स्वप्नाचा कारखाना बंद पडल्यावर कसा दिसतो, तेही त्यांनीच उभं केलं.

ढग जमिनीवर कसे राहतात

‘आवारा’च्या त्या ढगांचा मोह अजून सुटलेला नाही. आजही ‘ड्रीम सिक्वेन्स’ म्हटलं की प्रॉडक्शनवाला आधी विचारतो, ‘धूर किती लागेल?’

धुराचे प्रकार आहेत. मशीनमधला गरम धूर वर चढतो, खोलीभर पसरतो. तो पहाटेच्या धुक्याला बरा. जमिनीला चिकटून वाहणाऱ्या ढगासाठी ड्राय आइस लागतो, म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साइड. उणे ७८ अंशांचा तो तुकडा गरम पाण्यात टाकला की पांढरी वाफ उसळते, आणि हवेपेक्षा जड असल्यामुळे खाली बसते, पायऱ्यांवरून ओघळत उतरते. सुताराला याचा त्रास वेगळाच. प्लायच्या दोन फळ्यांत बोटभर फट राहिली तरी ढग त्या फटीतून गळून सेटच्या खाली जातो. मग पायऱ्यांचे सांधे लांबीने बुजवावे लागतात, पंखे बंद ठेवावे लागतात, दारं लावून घ्यावी लागतात. मग उकाडा. आणि जमिनीलगत साचलेल्या त्या हवेत श्वास कोंडतो, म्हणून नटाने ढगात फार वेळ पडून राहायचं नाही. एक डान्सर मुलगी मला म्हणाली, ‘पायऱ्या दिसतच नाहीत हो. आम्ही मोजून उतरतो. मोजणी चुकली की थेट खाली, आणि चेहऱ्यावर हसू ठेवायचं.’

मोल्डरचं काम मी जरा जास्त वेळ पाहत बसले, कारण त्यात हात फार वेगाने चालतात. आधी मातीत किंवा थर्माकोलमध्ये मूळ नक्षी, त्यावरून रबराचा साचा, मग पीओपीचा पातळ रबडा, त्यात काथ्याचे पिंजलेले धागे, वर पुन्हा पीओपी. काथ्यामुळे तुकडा हलका राहतो आणि तडकला तरी सुटत नाही. गणपतीच्या कारखान्यात हेच चालतं, आणि माणसंही बऱ्याचदा तीच. ज्या मोल्डरशी मी बोलले तो पेणचा होता. गणपतीचा हंगाम संपला की तो गोरेगावला येतो. ‘तिकडे देव, इकडे खांब. पैसे इकडे बरे, मान तिकडे.’

त्यानंतर रंगारी. नवी भिंत जुनी करणं हे या धंद्यातलं सगळ्यात नाजूक काम. पाण्यासारखा पातळ केलेला काळा-तपकिरी रंग स्पंजने टिपायचा, मुलतानी माती उधळून फुंकायची, दाराच्या कडीभोवती हातांचा मळ दाखवायचा, पाणी जिथून गळलं असतं तिथून ओघळ काढायचे. मात्र स्वप्नातल्या वाड्याला हे सगळं करायचं नाही, असं त्या दिवशी ठरलं होतं. रंगाऱ्याने कडीपुरता मळ ठेवला आणि भिंती कोऱ्या सोडल्या. मी कारण विचारलं. तो म्हणाला, ‘माणूस स्वप्नात भिंतीचा पोपडा बघतो का? हात जिथे लागला होता तेवढंच बघतो.’ मालिकेच्या कलादिग्दर्शक मुलीने मान हलवली. जे. जे.मध्ये शिकलेली ती, हे तिने त्याला सांगितलं होतं की त्याने तिला, ते काही कळलं नाही. एकंदर पाहता किती बांधायचं यापेक्षा कुठे हात आवरायचा, यावरच स्वप्नाचा सेट तरतो किंवा बुडतो. सगळं भरून टाकलेली स्वप्नं आपण रोज पाहतो. ती लग्नाच्या हॉलसारखी दिसतात.

पाहणाऱ्याचं घर

पडद्याबाहेरच्या स्वप्नांत बांधकाम कितपत असतं? आपल्याकडे स्वप्नात घर दिसण्यापेक्षा देव दिसतो आणि तो घर मागतो. याला आपण दृष्टांत म्हणतो. तळ्यात, शेतात, वाळूत मूर्ती आहे, काढ आणि देऊळ बांध, अशी आज्ञा झाल्याची आख्यायिका महाराष्ट्रात गावागणिक सापडेल. महडच्या वरदविनायकाची मूर्ती तळ्यात सापडल्याची कथाही याच घराण्यातली. तुकोबांना गुरूपदेश स्वप्नात झाला, नामदेवांनी पांडुरंगासह येऊन कवित्वाची आज्ञा केली तीही स्वप्नात. आपलं स्वप्न कामाला लावणारं आहे. नकाशा ते देत नाही, तो गवंड्याने जागेपणी काढायचा.

उलट कार्ल युंगला १९०९ साली, अमेरिकेच्या प्रवासात, सबंध इमारतच स्वप्नात दिसली होती. वरच्या मजल्यावर जुन्या थाटाचं पण राहतं दालन. खालचा मजला त्याहून कितीतरी शतकं जुना, अंधारा. त्याखाली रोमन काळातलं तळघर. आणि तळघराच्या फरशीत एक कडी. ती ओढली तर खाली गुहा, धूळ, हाडं, दोन कवट्या. बरोबर फ्रॉइड होता (आलाच तो शेवटी!). त्याला त्या कवट्या कुणाच्या याचीच काळजी, आणि युंगला मजल्यांची. पुढे १९२३ पासून युंगने झुरिकच्या सरोवराकाठी बोलिंगेनला स्वतःसाठी दगडी बुरूज बांधायला घेतला आणि वर्षानुवर्षं त्यात भर घालत राहिला.

युंगच्या स्वप्नातली फरशीतली कडी वाचताना मला गोरेगावची एम-सीलची कडी आठवली. दोन्हीकडे अख्ख्या घरात नीट दिसतं ते एकच.

फिरणारी ओसरी, परतलेला पडदा

संगणकाने हे सगळं पुसून टाकलं असेल अशी माझी समजूत होती. पूर्ण चूक नाही, पण पूर्ण बरोबरही नाही. ‘इन्सेप्शन’मधला तो हॉटेलचा पॅसेज, ज्यात माणसं भिंतीवरून, छतावरून पळत मारामारी करतात, तो खरोखर बांधलेला होता. इंग्लंडमध्ये कार्डिंग्टनला एअरशिपसाठी उभारलेली प्रचंड शेड आहे. तिथे सुमारे शंभर फुटी पॅसेज लोखंडी कड्यांत बसवून मोटरवर गोल फिरवला. कॅमेरा पॅसेजच्याच जमिनीला जखडलेला. त्यामुळे पॅसेज फिरतो तसा कॅमेराही फिरतो, आणि पाहणाऱ्याला पॅसेज स्थिर, माणसं मात्र आपटताना दिसतात. आत दिवे, दारं, गालिचा सगळं असं पक्कं की उलटं झालं तरी पडू नये, आणि नटाचं डोकं आपटलं तरी फुटू नये. कॉम्प्युटरने हे जमलं असतं. पण घाबरून पाय शोधणाऱ्या माणसाची धडपड जमली नसती.

अलीकडे मोठ्या निर्मितीत नवी सोय आली आहे : नटाच्या मागे एलईडीची भलीमोठी भिंत. तिच्यावर किल्ला, ढग, पाताळ, हवं ते दाखवा. कॅमेरा हलला की भिंतीवरचं दृश्यही त्या कोनाला साजेल असं सरकतं. म्हणजे बाबूराव पेंटरांनी मागे सारलेला पडदा परत आला, आणि त्याची जुनी खोड सुटून आला. कडेच्या खुर्चीवरून खांब कलंडण्याचा प्रश्न मिटला. मग सुताराचं काय? मिस्त्री त्याने फारसे हादरलेले दिसले नाहीत. ‘मागचं जाईल. पुढचं कुठे जातंय? माणूस उभा राहणार त्याला पायाखाली काहीतरी लागणार, टेकायला खांब लागणार. दार उघडायचं असलं तर दार लागणार.’ पोरगा मात्र या कामात नाही. तो कणकवलीला मोबाइलचं दुकान चालवतो.

मोडणी

शॉट ओके झाला की चाळीस फुटांची ओसरी उतरवायला एक रात्र पुरते. खिळे ओढून काढतात, चांगला प्लाय वेगळा, पट्ट्या वेगळ्या. पीओपी फुटून गोणीत. आठवड्याभरात त्याच प्लायची पोलीस चौकी होते. आजीच्या दाराची छोटी कडी कुणी काढून ठेवली का, ते विचारायचं राहून गेलं.

उभे ठेवलेले सेट थोडे. नितीन चंद्रकांत देसाई यांनी कर्जतला उभारलेल्या एनडी स्टुडिओत ‘जोधा अकबर’चे महाल मोडले नाहीत, लोक तिकीट काढून पाहायला जात. रायगडच्या पावसात पीओपीचा महाल टिकवणं म्हणजे काय ते तिथल्या रंगाऱ्यांना विचारावं. चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारे देसाई २ ऑगस्ट २०२३ ला गेले. ‘आवारा’चा जिना जिथे उभा होता त्या चेंबूरच्या आर. के. स्टुडिओला २०१७ च्या सप्टेंबरमध्ये आग लागली, आणि २०१९ मध्ये ती जमीन घरबांधणी कंपनीने विकत घेतली. तिथे आता खऱ्या इमारती. सिनेमे आपण पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जपतो. सेटची रेखाटनं, मापांचे कागद, साचे जपण्याची तशी चाल आपल्याकडे पडलेली नाही. ते कलादिग्दर्शकांच्या घरातल्या माळ्यांवर पडून असतात आणि घर बदललं की रद्दीत जातात. ज्यांच्या घरी असे कागद असतील त्यांनी ते टाकू नयेत, निदान फोटो काढून ठेवावेत, एवढं तरी या निमित्ताने मागावंसं वाटतं.

आणि दुसरी मागणी त्याहून साधी आहे. मालिकांच्या जगात कामाचे पैसे नव्वद दिवसांनी देण्याची रीत पडून गेली आहे. त्याच्या पुढेही हप्ते लांबतात, मधला ठेकेदार गायब होतो, आणि युनियनच्या कचेरीत हेलपाटे सुरू होतात. सेट बांधायला मिळतात चार दिवस, मोडायला एक रात्र. त्या ओसरीचे पैसे मी हा लेख अंकाकडे पाठवला त्या दिवसापर्यंत मिस्त्रींना मिळाले नव्हते. दिवाळी तोंडावर आली होती.